अलोइस यिरासेक वाचायला घेताना: कुठून सुरू करायचं, हाताशी काय ठेवायचं

चेक ऐतिहासिक कादंबरीकार यिरासेक अर्ध्यावर सुटतो तो बहुतेक वेळा चुकीच्या पुस्तकामुळे. ‘एफ. एल. व्येक’ ही त्याची गाजलेली कादंबरी म्हणून लोक तीच आधी उचलतात आणि पाच खंडांपैकी पहिल्यातच माणसांच्या गर्दीत हरवतात. काहीजण शिस्तीत प्रकाशनाच्या क्रमाने निघतात. तेही दमतात, कारण हा लेखक पंधराव्या शतकातून अठराव्यात आणि तिथून पुन्हा मागे अशा फेऱ्या मारत लिहीत गेला. त्याला वाचायची सोयीची रीत वेगळी आहे: लहान पुस्तकापासून सुरुवात करायची, गाव आणि काळ धरून पुढे जायचं आणि जवळ एक वही ठेवायची. चेक भाषा येत नसली तरी अडत नाही. इंग्रजी अनुवादावर किंवा यंत्रभाषांतरावर वाचणाऱ्यांनी काय सांभाळायचं तेही पुढे दिलं आहे.

आधी माणूस, थोडक्यात

अलोइस यिरासेकचा जन्म २३ ऑगस्ट १८५१ रोजी ह्रोनोवला झाला. हे गाव बोहेमियाच्या (आजच्या चेक प्रजासत्ताकाचा पश्चिम भाग, तेव्हा ऑस्ट्रियाच्या सत्तेखाली) ईशान्य टोकाला, आजच्या पोलंडच्या सीमेलगत आहे. वडील विणकर होते, पुढे ते पाव भाजण्याच्या धंद्यात आले. शिक्षण आधी ब्रोउमोवला जर्मन माध्यमातून आणि नंतर ह्रादेत्स क्रालोवेला झालं. १८७१ ते १८७४ प्राग विद्यापीठात इतिहास शिकून तो शिक्षक झाला: १८८८ पर्यंत लितोमिश्लला, तिथून १९०९ पर्यंत प्रागला. त्याच्या बहुतेक मोठ्या कादंबऱ्या ही शाळेची नोकरी सांभाळून लिहिलेल्या आहेत. १९१७ च्या चेक लेखकांच्या जाहीरनाम्यावर त्याची सही आहे. एप्रिल १९१८ मध्ये प्रागच्या ओबेत्स्नी दूम या सभागृहात राष्ट्रीय शपथ त्यानेच वाचून दाखवली. १२ मार्च १९३० रोजी तो प्रागमध्ये वारला. समाधी ह्रोनोवला आहे.

यातल्या दोन गोष्टी वाचताना सतत उपयोगी पडतात. एक म्हणजे त्याची गावं खरी आहेत. ह्रोनोवचा परिसर, लितोमिश्लचा कमानींचा लांबलचक चौक, दोब्रुश्काची बाजारपेठ या जागा त्याच्या पायाखालच्या होत्या. दुसरी म्हणजे तो इतिहासाचा शिक्षक होता. कोण काय खात होतं, अंगावर कुठलं कापड होतं, दुकानात काय विकायला होतं, हे तो कागदपत्रांतून आणि म्हाताऱ्या माणसांकडून गोळा करायचा. त्याचा वास्तववाद तिथे दिसतो. नायकाच्या भाषणापेक्षा त्या भाषणाआधी टेबलावर काय होतं याकडे लक्ष दिलं तर यिरासेक लवकर आवडू लागतो.

वहीत काय लिहायचं

सुरुवातीलाच एका पानावर या तारखा उतरवून घ्या: १४१५ (धर्मसुधारक यान हुसला जिवंत जाळलं), १४१९ (हुसपंथीयांचा उठाव), १४३४ (लिपानीच्या लढाईत त्यांच्या जहाल गटांचा पराभव), १६२० (बिला होराची लढाई; चेक उमरावांचा पराभव आणि त्यानंतर कॅथलिक धर्माची सक्ती), १७८१ (सम्राट योसेफ दुसरा याने भूदासपण रद्द केलं आणि प्रोटेस्टंटांना मोकळीक दिली), १८४८ (क्रांतीचं वर्ष; शेतकऱ्यांची वेठ संपली), १९१८ (चेकोस्लोव्हाकियाचा जन्म). यिरासेकची जवळजवळ प्रत्येक कादंबरी यातल्या कुठल्या तरी दोन तारखांच्या मध्ये किंवा एकीवरच बसते. कुठे बसते ते पहिल्या प्रकरणानंतर ठरवून टाका. हे न केल्यास ‘आपली’ माणसं धर्माने कोण आणि सत्तेत कोण, हा गोंधळ शेवटपर्यंत राहतो.

नकाशावर सहा ठिकाणं पुरतात: ह्रोनोव, दोब्रुश्का, लितोमिश्ल, ताबोर, प्राग आणि पश्चिमेला बव्हेरियाच्या सीमेजवळचं दोमाझ्लित्से.

पात्रांची यादी पहिल्या पानापासूनच सुरू करा आणि प्रत्येकापुढे चार रकाने ठेवा: नाव, गाव, धंदा, बाजू. नात्यांपेक्षा इथे धंदा महत्त्वाचा असतो. गिरणीवाला, विणकर, जंगलराखा, जमीनदाराचा कारभारी, गावचा पाटील यांची एकमेकांशी देणीघेणी कळली की कथानक आपोआप उलगडतं.

शेवटची सवय सर्वांत मोलाची आहे. प्रत्येक पुस्तकापुढे दोन वर्षं लिहायची: कथा घडते ते आणि ती छापली गेली ते. ‘प्रोती व्शेम’ ही कादंबरी १४१९-२० मध्ये घडते, छापली गेली १८९३ मध्ये. त्याच वर्षीच्या सप्टेंबरात व्हिएन्नाच्या सरकारने प्रागवर आणीबाणी लादली होती. ‘तेम्नो’चा काळ १७२० च्या दशकातला, पण पुस्तक आलं १९१५ मध्ये, महायुद्ध ऐन भरात असताना. यिरासेकचे वाचक या गोष्टी स्वतःच्या दिवसांवर ताडून पाहत होते. दुसरं वर्ष डोळ्यांसमोर नसेल तर काही प्रसंग नुसते आवेशी वाटतात. असलं तर कळतं की हा आवेश कुणाला ऐकवायचा होता. हरिभाऊ आपट्यांच्या ऐतिहासिक कादंबऱ्यांवर वाढलेल्या मराठी वाचकाला हे नवं नाही. दोघं एकाच काळात, परक्या सत्तेखाली लिहीत होते.

कोणत्या क्रमाने

सुरुवात ‘फिलोसोफ्स्का हिस्टोरिये’ने करा. १८७८ ची ही लहानशी कादंबरी दोन-तीन बैठकांत होते. लितोमिश्लमध्ये तत्त्वज्ञानाच्या वर्गात शिकणारी पोरं, त्यांच्या भाड्याच्या खोल्या, मालकिणी, प्रेमप्रकरणं, मे महिन्यातला विद्यार्थ्यांचा उत्सव आणि मग १८४८ चं प्राग. यिरासेकची सगळी पद्धत इथे छोट्या मापात सापडते: आधी गाव आणि घर नीट बसवायचं, इतिहास नंतर दारावर येतो. पहिली काही प्रकरणं संथ आहेत. ती गाळू नका, कारण शेवटाचं वजन त्यांच्यावरच आहे.

दुसरं पुस्तक ‘प्सोह्लाव्त्सी’. १८८० च्या दशकातली ही कादंबरी नीट वेळ देऊन वाचावी, कारण यिरासेक इतिहासातून गोष्ट कशी घडवतो ते इथे सर्वांत स्पष्ट दिसतं. दोमाझ्लित्सेजवळचे खोद हे सीमेचं रक्षण करणारे शेतकरी. त्या बदल्यात जुन्या राजांनी त्यांना वेठीतून सूट देणाऱ्या सनदा दिल्या होत्या. बिला होरानंतर त्यांची गावं लामिंगेन नावाच्या जहागीरदार घराण्याकडे गेली. १६६८ मध्ये दरबाराने खोदांना या विषयावर कायमचं गप्प राहण्याचा हुकूम दिला. तरीही १६९० च्या दशकात तंटा पुन्हा पेटला आणि ऊयेज्द गावच्या यान स्लाद्की ऊर्फ कोझिना याला २८ नोव्हेंबर १६९५ रोजी पिल्झेनमध्ये फाशी झाली.

वाचताना दोन धागे वेगळे धरा. पहिला कागदांचा: सनदा कुठे आहेत, कुणाच्या ताब्यात आहेत, कोणतं न्यायालय त्या मानतं किंवा मानत नाही. वहीत यासाठी एक पान राखून ठेवा, कारण भांडण मुळात सनदांतल्या हक्कांच्या दाव्याचं आहे आणि त्याचा प्रत्येक टप्पा कादंबरीत आहे. दुसरा धागा गावाच्या वागण्याचा. शिमग्यासारखा जो चेक सण आहे, मासोपुस्त, त्यात खोद चाबकाची प्रेतयात्रा काढतात. चाबूक म्हणजे वेठीवर राबणाऱ्यांच्या पाठीवर पडणारी मुकादमाची सत्ता. लोक हसतात, नाचतात, वाजतगाजत त्याला पुरतात. हा प्रसंग सावकाश वाचा: कोण पुढे आहे, कोण हसत नाही, कुणाला यातला धोका दिसतो आहे. कादंबरीची सगळी शोकांतिका या एका मिरवणुकीत पेरलेली आहे, आणि लेखकाने ती एकाही मोठ्या वाक्याशिवाय पेरली आहे.

फाशीच्या वेळी कोझिना जहागीरदाराला वर्षभराच्या आत देवाच्या दरबारात हजर व्हायला बोलावतो आणि ते खरं ठरतं. हे पटत नाही म्हणून काही वाचक इथे पुस्तकावर रुसतात. पण खरा लामिंगेनही १६९६ च्या नोव्हेंबरात, म्हणजे वर्ष पुरं व्हायच्या आतच मेला. शाप ही लोककथा आहे, तारीख मात्र कागदावरची आहे. यिरासेकने दोन्ही सोडल्या नाहीत.

यानंतर विसावा म्हणून ‘स्तारे पोव्येस्ति चेस्के’ हा १८९४ चा जुन्या चेक दंतकथांचा संग्रह घ्या. तो कुठूनही उघडावा. प्रागला जाणार असाल तर जुन्या प्रागच्या कथा आधी वाचा. मातीचा माणूस गोलेम आहे, चौकातल्या खगोलीय घड्याळाचा कारागीर हानुशही आहे. हानुशचे डोळे काढल्याची गोष्ट अनेकजण इतिहास म्हणून सांगतात. प्रत्यक्षात ते घड्याळ १४१० मध्ये कादान्यच्या मिकुलाशने बनवलं.

मग ‘तेम्नो’. नावाचा अर्थ अंधार. जंगलराखा माखोवेत्स चोरून प्रोटेस्टंट आहे. बंदी घातलेली पुस्तकं घरात लपवतो आणि शेवटी मुलांना मागे ठेवून सीमेपार पळतो. पुस्तकं शोधून जाळणारा जेझुइट या कॅथलिक पंथाचा धर्मगुरू कोन्याश ही खरी व्यक्ती आहे. कादंबरीच्या शेवटाकडे १७२९ मध्ये चौदाव्या शतकातला कॅथलिक धर्मगुरू यान नेपोमुक याला संतपद मिळाल्याचा प्रागमधला सोहळा येतो. तो वाचताना एक काळजी घ्या. त्या काळाकडे फक्त अंधार म्हणून पाहणं इतिहासकार योसेफ पेकार्झला मान्य नव्हतं, आणि त्याच्या म्हणण्यात तथ्य आहे. त्याच दशकांत बोहेमियात बरोक शैलीतल्या थोर वास्तू उभ्या राहिल्या, संगीत फुललं. गंमत अशी की यिरासेकचं सोहळ्याचं वर्णनच त्याच्या पुस्तकाच्या नावाला थोडा छेद देतं: दिवे, वाद्यं, गर्दी यांत तो रमतो. हा ताण कादंबरीत खरोखर आहे. वाचकाने तो मिटवायच्या भानगडीत पडू नये.

आता ‘एफ. एल. व्येक’ घ्यायला हरकत नाही. १८८८ ते १९०६ दरम्यान लिहिलेले हे पाच खंड दोब्रुश्काचा व्यापारी आणि संगीतकार फ्रांतिशेक व्लादिस्लाव हेक (१७६९-१८४७) याच्या आयुष्यावर बेतलेले आहेत. विषय आहे मरणाच्या वाटेवरची चेक भाषा पुन्हा कशी उभी राहिली. पहिल्या खंडात प्रागच्या घोडेबाजारात १७८६ मध्ये उभं राहिलेलं लाकडी नाट्यगृह, ‘बोउदा’, येतं. मराठी वाचक इथे हमखास गुंततो. एका वेळी एकच खंड वाचा आणि मध्ये दुसरं काही वाचलंत तर पात्रांची यादी चाळून मगच पुढचा उघडा. फार जड वाटलं तर १९७१ ची तेरा भागांची चेक दूरदर्शन मालिका आधी पाहा; चेहरे डोळ्यांसमोर आले की नावं आपोआप लक्षात राहतात.

ज्यांना शेतीगाव जवळचं वाटतं त्यांनी त्याऐवजी ‘उ नास’ घ्यावी. चार भाग, ह्रोनोवचाच परिसर आणि फळझाडं, शाळा, शेत यांसाठी झटणारा एक गावचा पाद्री. तोही योसेफ रेगनर या खऱ्या माणसावरून घेतलेला.

हुसपंथीयांच्या कादंबऱ्या शेवटी. क्रम असा: ‘मेझी प्रौदी’, मग ‘प्रोती व्शेम’, मग ‘ब्रात्रस्त्वो’. यिरासेक इथे इतिहासकार पालात्स्कीच्या वाटेने चालतो आणि सरदारांची, पंथांची, गटांची नावं वाचकाला ठाऊक आहेत असं धरतो. वर दिलेलं तारखांचं पान पाठ झाल्याशिवाय यांत शिरू नये.

पुस्तकं मिळवणं आणि यंत्रभाषांतर

लेखक वारून नव्वदहून अधिक वर्षं झाली, त्यामुळे मूळ चेक मजकूर भारतातही आणि तिकडेही हक्कमुक्त आहे. प्रागच्या महापालिका ग्रंथालयाच्या संकेतस्थळावर त्याची अनेक पुस्तकं ईपब आणि पीडीएफ रूपात मोफत मिळतात. ईपब घ्या, त्यातला मजकूर भाषांतरयंत्रात टाकणं सोपं जातं. अनुवादांचे हक्क मात्र अनुवादकांकडे वेगळे असतात, हे विसरू नका.

यंत्राला एका वेळी एकच प्रकरण द्या. पुस्तक अख्खं ओतलं तर नावांची रूपं मध्येच बदलतात. व्येक या आडनावाचा चेकमधला अर्थ ‘वय’ किंवा ‘युग’. यंत्र नायकालाच ‘युग दुकानात गेलं’ करून टाकतं. भाषांतराआधी सगळीकडे आडनाव बदलून ‘हेक’ करून घेतलं तर हा त्रास संपतो. ‘प्सोह्लाव्त्सी’मध्ये लामिंगेन आणि लोमिकार हा एकच माणूस आहे; दुसरं नाव शेतकऱ्यांच्या तोंडचं. तिथले संवाद खोदांच्या बोलीत आहेत, ‘बिल’च्या जागी ‘बुल’ म्हणणाऱ्या, त्यामुळे यंत्र संवादांत सर्वांत जास्त चुकतं आणि वर्णनात कमी. संवाद विचित्र वाटला तर मूळ वाक्यातलं ‘बुल’ बदलून पुन्हा द्या, बहुतेक वेळा उलगडतं.

मजकुरात नाव शोधताना शेवटची अक्षरं सोडून शोधा. मराठीत जसं ‘राम’चं ‘रामाला’ होतं तसं चेकमध्ये कोझिनाचं ‘कोझिनू’, ‘कोझिनोवी’ होतं. पूर्ण नाव टाकलं तर निम्म्या जागा निसटतात.

छापील जुनी प्रत मिळाली तर तिचं वर्ष पाहा. १९४८ मध्ये कम्युनिस्ट सत्तेवर आल्यानंतर शिक्षणमंत्री झ्देन्येक नेयेद्लीच्या पुढाकाराने यिरासेकचं लेखन सरकारी मोहिमेतून घरोघर पोचलं. त्या आवृत्त्यांचा मजकूर काळजीपूर्वक छापलेला असतो, पण त्यांच्या प्रस्तावना त्याला नव्या राजवटीचा अग्रदूत ठरवू पाहतात. प्रस्तावना कादंबरी झाल्यावर वाचा. जमलं तर मिकोलाश आलेशची चित्रं असलेली प्रत शोधा. तो यिरासेकचा मित्र होता आणि पोशाखांच्या बाबतीत त्याच्या रेषा भरवशाच्या आहेत.

नाटकं, आणि ‘लुत्सेर्ना’ बसवायचं असेल तर

इतिहास नको असेल त्याने थेट ‘वोय्नार्का’ (१८९०) आणि ‘ओतेत्स’ (१८९४) ही नाटकं घ्यावीत. जमीन, हुंडा, विधवा, कर्ज: खेड्यातलं निखळ वास्तव. पहिल्यात पैशासाठी दुसऱ्याशी लग्न झालेली बाई विधवा होते आणि जुना प्रियकर सैन्यातून परततो. ‘एम. डी. रेतिगोवा’ (१९०१) हलकंफुलकं आहे. नायिका लितोमिश्लला राहिलेली प्रसिद्ध पाककृती-लेखिका.

पण आजही सर्वांत जास्त रंगभूमीवर दिसतं ते ‘लुत्सेर्ना’, म्हणजे कंदील. पहिला प्रयोग प्रागच्या राष्ट्रीय नाट्यगृहात १९०५ च्या नोव्हेंबरात झाला. चार अंक. गिरणीवाला लिबोर स्वतंत्र माणूस आहे, त्याच्यावर एकच जुनं बंधन: मालकवर्गातलं कुणी जंगलातल्या वाड्याकडे निघालं की त्याने कंदील घेऊन पुढे चालायचं. राजकुमारी हा हक्क बजावते. त्याभोवती हानिचका ही मुलगी, जुना लिंडेन वृक्ष आणि मिखाल व इवान हे दोन जलपुरुष.

हौशी संस्थेने मराठीत करायचं ठरवलं तर काही गोष्टी आधीच ठरवाव्यात. लिंडेनचा वड करू नये. तो चेक लोकांचा मानाचा वृक्ष आहे, आणि वडाबरोबर आपल्याकडच्या सगळ्या वटपौर्णिमा रंगमंचावर येतात; प्रेक्षक भलतंच नाटक पाहू लागतो. जलपुरुषांना भुतं करू नये. चेक लोककथेत ते हिरव्या कोटाचे, कोटाच्या टोकातून पाणी ठिबकणारे प्राणी. मिखाल तर प्रेमात पडून स्वतःचं हसं करून घेणारा आहे. त्याचं डरांव डरांव ओरडणं नटाने घशातून काढावं, ध्वनिमुद्रित लावू नये.

प्रकाशयोजनेत नेहमीची चूक म्हणजे रात्रीसाठी सगळीकडे निळा प्रकाश पसरवणं. त्यात कंदील मरतो, आणि नाटक त्या कंदिलावर उभं आहे. जंगलाच्या प्रवेशांत मंच जवळजवळ काळा ठेवा, कंदिलात पिवळसर एलईडी बसवा आणि राजकुमारीचा चेहरा त्या एकाच उजेडात उजळेल इतपत अंतर तालमीत मोजून पक्कं करा. लिबोरचं काम करणाऱ्याला पहिल्या तालमीपासून खऱ्या वजनाचा कंदील द्या. हलक्या कंदिलाने चाल बदलते, आणि ओझं दिसलं नाही तर बंधन दिसत नाही.

वेळ वाचवायला संपादक आधी वादकांचे प्रवेश कापतात. ते कापू नका. सहायक शिक्षक झायीचेक आणि त्याचे वादक हेच या परीकथेतलं यिरासेकचं खरं गाव आहे. कापायचंच असेल तर पहिल्या अंकातली लांबलेली स्पष्टीकरणं कापा.

दुसरे लोक हे कसं करतात ते पाहायचं असेल तर ऑगस्टमध्ये ह्रोनोवला जावं. १९३१ पासून तिथे ‘यिरास्कूव ह्रोनोव’ हा हौशी रंगभूमीचा महोत्सव भरतो. राहायची सोय लवकर करा, गाव लहान आहे. जागा मिळाली नाही तर जवळच्या नाखोदला उतरता येतं. लेखकाचं लाकडी जन्मघरही ह्रोनोवलाच आहे. प्रयोग संध्याकाळी असतील, तर सकाळ तिथे घालवावी.